आडनाव नसताना फ्रेंच सेटवर स्टिल्स काढायचे असतील तर

स्टिल्स म्हणजे सिनेमाच्या प्रसिद्धीसाठी शूटिंगच्या वेळी सेटवर काढलेले फोटो, आणि तेच माझं काम. फ्रेंच सिनेमात आडनावं चालतात. हे आधीच मान्य करून टाकलं की पुढची बरीच चिडचिड वाचते. चित्रकार रन्वार यांचा एक मुलगा ज्याँ दिग्दर्शक, दुसरा प्येर नट, आणि प्येरचा मुलगा क्लोद कॅमेरामन. जाक बेकेर दिग्दर्शक. त्यांचा एक मुलगा ज्याँ दिग्दर्शक, दुसरा एत्येन कॅमेरामन. हा एत्येन १९६८ साली दिग्दर्शक लुई मालबरोबर भारतात शूटिंग करून गेलेला. कुठल्याही सेटवर जेवणाच्या टेबलाशी कान देऊन बसा, कोण कुणाचा भाचा निघेल सांगता येत नाही.

मी ज्या बाईंच्या हाताखाली शिकले, त्याही अशाच घरातल्या. आजोबा संकलक, वडील दिग्दर्शक, मामा साउंडमध्ये. घराणेशाहीला शिव्या घालायला मी तयारच होते. पण त्यांना काम करताना पाहिलं आणि कळलं की घरानं नुसती ओळख दिली नव्हती, उभं कुठे राहायचं हेही दिलं होतं. स्टिल फोटोग्राफरला सेटवर जागा नसते. सिनेमाची फ्रेम हवी तर सिनेमाच्या कॅमेऱ्याच्या भिंगाला खेटून उभं राहावं लागतं, आणि तिथे आधीच कॅमेरा चालवणारा ऑपरेटर, फोकस सांभाळणारा फोकस पुलर, डोक्यावर माइकची लांब काठी म्हणजे बूम. नटाच्या नजरेच्या रेषेत आलात तर टेक गेला. बाई कुठे आहेत हे कुणाला जाणवायचंच नाही.

हे शिकता येतं, घाबरू नका. काळे कपडे, आवाज न करणारे बूट, रिहर्सलमध्ये सगळ्या जागा तपासून घ्यायच्या आणि टेक सुरू झाला की हलायचं नाही. इथे दिग्दर्शकालाही एकेरीत हाक मारतात, आपली जीभ ‘सर’कडे वळते ती आवरा. पूर्वी शटरचा आवाज दाबायला कॅमेरा ब्लिंप नावाच्या जाडजूड पेटीत घालावा लागे. आता मिररलेस कॅमेऱ्याचं सायलेंट शटर आहे. फक्त काही एलईडी दिव्यांखाली त्यात आडवे पट्टे येतात, म्हणून सकाळी गॅफरला, म्हणजे प्रकाशयोजना सांभाळणाऱ्याला, दिवे लावायला सांगून चार फ्रेम मारून बघा.

आता सापळा. हा मी लांबवून सांगणार आहे, कंटाळा आला तरी वाचा.

भारतातून आलेल्या माणसाच्या डोक्यात असतं की पगार घेतला म्हणजे फोटो निर्मात्याचे. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात, वेगळा करार नसेल तर, नोकरीत काढलेल्या फोटोचा पहिला हक्क मालकाचाच. फ्रान्समध्ये उलट आहे. तुम्ही पगारी तंत्रज्ञ असलात तरी हक्क आपोआप मालकाकडे जात नाही. द्यायचा तर प्रत्येक हक्क वेगळा लिहावा लागतो: कशासाठी, कुठे, किती काळ. हे कळलं तेव्हा मला आभाळ ठेंगणं झालं होतं. फोटो माझे!

फोटो माझे, पण दाखवता कुणाला येतात? त्यात नट आहे, आणि स्वतःच्या चेहऱ्यावर त्याचा हक्क आहे. फ्रेंच न्यायालयांनी तो नागरी संहितेच्या नवव्या कलमावरून उभा केलाय. मोठ्या नटांच्या करारात नावडते फोटो बाद करायची मुभा असते. वर निर्मात्याचं गोपनीयतेचं कलम. सिनेमा लागेपर्यंत एकही फ्रेम बाहेर जाता कामा नये. शूटिंग संपल्यापासून थिएटरपर्यंत वर्ष सहज जातं, आणि काही सिनेमे लागतच नाहीत. म्हणजे तुम्ही महिनोन्‌महिने राबलात, हार्डडिस्क भरली, आणि पुढच्या निर्मात्यानं ‘काम दाखवा’ म्हटलं की हात रिकामे. मी यात सापडले. काम मिळायला फोटो हवेत, फोटो आहेत, पण दाखवले तर पुन्हा कुणी सेटवर घेणार नाही.

आडनाव चावतं ते इथे. बाईंकडे कुणी पोर्टफोलिओ मागत नव्हतं, म्हणून हा पेच त्यांनी मला सांगितलाच नाही. लपवायचं होतं असं नाही. त्यांना तो कधी पडलाच नव्हता. माझं मत असं झालंय की कला घराण्यातल्या माणसाकडून शिकावी आणि व्यवहार बाहेरून आलेल्याकडून. दोन्ही एका गुरूकडे मागू नये.

मार्ग आहे. करारावर सही करण्याआधी एक ओळ घालून घ्या: सिनेमा प्रदर्शित झाल्यावर मंजूर फोटो स्वतःच्या पोर्टफोलिओत वापरता येतील. बहुतेक निर्माते हरकत घेत नाहीत, मागितलं नाही तर देत मात्र नाहीत. शिवाय सगळे हक्क, सगळी माध्यमं, सगळं जग असा ठोकळा परिच्छेद दिसला तर तारखा आणि वापर लिहून मागा. आणि दर वर्षी एकदोन शॉर्टफिल्म करा, त्यांचे फोटो लवकर मोकळे होतात.

रेमों कोशतिएची गोष्ट माहीत असेलच. दिग्दर्शक गोदारच्या १९६० सालच्या पहिल्या चित्रपटाचे, ‘ब्रेथलेस’चे, स्टिल्स त्यांचे. नायिका जीन सीबर्ग नायक बेलमोंदोच्या गालाचं चुंबन घेतेय तो जगप्रसिद्ध फोटो सिनेमात नाहीच, तो सेटवर त्यांनी घडवलेला. पगार तुटपुंजा, त्या काळी हक्क निर्मात्याकडे, त्यामुळे काही वर्षांत त्यांनी हे काम सोडलं. नाव झालं ते कितीतरी दशकांनी. १०१ वर्षं जगले म्हणून बघायला तरी मिळालं. त्या चित्रपटात आवाज नंतर भरलेला, त्यामुळे शटर वाजलं तरी चालत होतं. तेवढं सुख आपल्या नशिबी नाही.

‘आधी फुकट कर, ओळखी होतील’ असं सांगणारे भेटतील. फीचर फिल्मवर फुकट करू नका. ओळखी होतात, पण फुकट करणारी म्हणूनच. शॉर्टफिल्मचं वेगळं, तिथे बहुतेकदा कुणालाच पैसे मिळत नसतात. इन्स्टाग्रामवर चोरून सेटचा फोटो टाकण्याबद्दल मी काही बोलत नाही. ज्यानं केलं तो पुढे दिसला नाही.

पैशांचं मात्र खरं सांगते. हल्ली निर्माते स्टिल फोटोग्राफरला पूर्ण शूटिंगभर ठेवत नाहीत, महत्त्वाच्या सीनचे मोजके दिवस बोलावतात. सिनेतंत्रज्ञांचा बेकारी भत्ता मिळायला बारा महिन्यांत ५०७ तास भरावे लागतात, आणि असे सुटे दिवस जोडून ते भरता भरता दमछाक होते. म्हणून नाटकाच्या तालमी, मालिका, जे मिळेल ते घ्यायचं. लाज कसली. मी अजून लग्नं करते, आणि इथल्या मराठी मंडळींच्या गणपतीचे फोटोही. ते लगेच दाखवता येतात, निर्मात्याची परवानगी लागत नाही. फक्त काकूंनी नापसंत केलेले बाद करावे लागतात.