वायरचा जोड: डाख देऊन आणि न देता

मेन स्विच बंद आहे, टेस्टर आधी चालू पॉइंटला लावून पेटतो हे बघितलंय आणि मगच कामाच्या वायरला लावलाय, हे मी गृहीत धरतो.

वायर सोलताना आतली एकही तार तुटू देऊ नका. श्रिंक स्लीव्ह (तापवली की आक्रसून जोडावर घट्ट बसणारी प्लास्टिकची नळी) आत्ताच ओवून ठेवा. जोड झाल्यावर ती आठवते, मला तर अजूनही.

दोन टोकं फुलीसारखी ठेवून प्रत्येक टोकाचे दुसऱ्या वायरभोवती पाच-सहा घट्ट वेढे द्या आणि ओढून बघा. इथे सुटत असेल तर पुढे जाऊ नका. जोड पक्का करणं हे पिळाचं काम, डाखाचं नव्हे.

आता डाख, म्हणजे सोल्डर. वर्षभर मी तो सोल्डरिंग आयर्नवर वितळवून वायरवर ठिपकवत होतो. दिसायला छान गोळा. एकदा वायर जराशी हलवली आणि गोळा मण्यासारखा अख्खा सुटून हातात आला, खाली तांबं कोरंच! वायर थंड होती, तिला डाख धरणार कसा? 63/37 चा (63 टक्के कथील, 37 टक्के शिसं) सोल्डर 183 अंशांना वितळतो. तेवढी वायर तापली पाहिजे, नुसतं आयर्न तापून भागत नाही. आयर्नचं टोक पुसा, त्यावर डाखाचा बारीकसा थेंब घ्या, म्हणजे उष्णता पटकन उतरते, आणि ते जोडाला खालून टेकवा. सोल्डर वरून वायरला लावा, आयर्नला नाही. वायर तापली की तो आपोआप तारांमध्ये शिरतो. मग आयर्न काढा आणि जोड निवेपर्यंत हात हलवू नका. फुंकर तर अजिबात नको. डाखाखालून पिळाचे वेढे दिसले तर जमलं. गोळा दिसला तर पुन्हा तापवा.

‘इन्सुलेशन जळेल म्हणून छोटं आयर्न घ्या’ हा सल्ला उलटा आहे. अशक्त आयर्न मिनिटभर टेकवून ठेवावं लागतं आणि तेवढ्यात इन्सुलेशन आक्रसून मागे सरतं. दमदार आयर्नला काही सेकंद पुरतात. फ्लक्स (तांबं साफ करून डाख धरायला मदत करणारा पदार्थ) रोझिनचा, म्हणजे राळेचाच. पाइपवाल्यांचा ॲसिडचा फ्लक्स तांबं खातो.

एवढं सगळं शिकूनही घराच्या वायरिंगला मी डाख देत नाही, लिव्हरवाला कनेक्टर लावतो. डाख खेळणी, बेल, एलईडी पट्ट्या अशा कमी व्होल्टेजच्या कामाला.

स्क्रूच्या कनेक्टरमध्ये जाणाऱ्या टोकाला तर डाख लावूच नका. दाबाखाली तो हळूहळू पसरतो, स्क्रू सैल पडतो आणि जोड तापायला लागतो. बारीक तारांची वायर असेल तर टोकाला फेरूल (धातूची छोटी नळी) क्रिम्प करा, म्हणजे पकडीने दाबून बसवा.

नुसता पीळ देऊन वर टेप गुंडाळणं म्हणजे जोड नव्हे. तांबं आणि ॲल्युमिनियमही थेट पिळू नका. त्या दोघांसाठी वेगळा कनेक्टर मिळतो. आणि जोड जंक्शन बॉक्समध्येच ठेवा, झाकण उघडता येईल असा. प्लास्टरखाली गाडलेला जोड बिघडला की शोधायला भिंत फोडावी लागते.