सामन्याकडं पाठ करून बसा

18 डिसेंबर 2022, रविवार. कतारमधल्या लुसैलमध्ये फुटबॉल वर्ल्ड कपची अर्जेंटिना-फ्रान्स फायनल, आपल्याकडं रात्री साडेआठला. परभणीत नानलपेठेतल्या एका गच्चीवर पांढरी चादर ताणून प्रोजेक्टर लावलेला. थंडी अशी की पोरं गोधड्या पांघरून बसलेली. मी लग्नाच्या शूटिंगच्या ऑर्डरी करणारा. फुटबॉलवेड्यांवरच्या डॉक्युमेंटरीचं पहिलं शूटिंग त्या रात्री केलं. जादा वेळ संपता संपता अर्जेंटिनाचा गोलकीपर मार्टिनेझनं पाय ताणून फ्रान्सच्या कोलो मुआनीचा फटका अडवला, तेव्हा माझा कॅमेरा चादरीवर होता. ते दृश्य सगळ्या जगाकडं आहे. स्वेटरवरून दहा नंबरची जर्सी घातलेलं माझ्या शेजारचं पोरगं तेव्हा कसं दिसत होतं, ते मात्र कायमचं गेलं. अजून हळहळ वाटते.

म्हणून असं शूटिंग करायचं तर आधी हे करा: पडद्याच्या कडेला, जमिनीवर, लोकांकडं तोंड करून बसा. अक्षता पडताना सगळ्यांचे मोबाइल नवरा-नवरीवर असतात. जाणता शूटिंगवाला एक कॅमेरा नवरीच्या मायवर ठेवतो. तसंच हे. शिवाय सामन्याच्या चित्रणाचे हक्क दुसऱ्यांचे असतात. ते परवानगीशिवाय फिल्ममध्ये घालता येत नाही.

लाइट लावू नका. लाइट पडला की माणसं केस सावरून लग्नातल्यासारखी बसतात. पडद्याचा उजेड पुरतो. सेकंदाला 25 फ्रेम, शटर सेकंदाचा 1/50 ठेवा, म्हणजे आपल्या 50 हर्ट्झच्या विजेवर ट्यूबलाइट लुकलुकत नाही. एक्स्पोजर, म्हणजे कॅमेरा किती उजेड घेतो ते, लॉक करा, नाहीतर दर जाहिरातीला चेहरे उजळतात-काळवंडतात.

आवाजावर जास्त मेहनत घ्या. रेकॉर्डर स्पीकरपासून लांब, घोळक्याच्या मधोमध ठेवा. बोलण्याची पातळी रेकॉर्डरच्या मीटरवर उणे 18 डेसिबलच्या आसपास असू द्या, म्हणजे गोलच्या आरोळीला जागा राहते. आणि मोबाइलवरून जोडलेला सामना बऱ्याचदा टीव्हीपेक्षा काही सेकंद मागं चालतो. शेजारच्या गल्लीत कल्ला उठतो, आपल्याकडं बॉल अजून मैदानाच्या मधेच. "कुणी मारला रे?" म्हणत सगळे गप्प होतात. 80 व्या मिनिटाला फ्रान्सच्या एम्बापेची पेनल्टी आणि 81 व्या मिनिटाला त्याचाच दुसरा गोल, दोन्ही वेळा त्या गच्चीवर हेच झालं. त्या काही सेकंदांतले चेहरे मला गोलनंतरच्या नाचापेक्षा मोलाचे वाटतात. शेजारून कल्ला आला की कॅमेरा हलवू नका.

मुलाखत त्या रात्री घेऊ नका. दुसऱ्या दिवशी गॅरेजवर, टपरीवर, शेतात जा. "मेस्सी का आवडतो?" विचारलं की टीव्हीवर ऐकलेलंच उत्तर येतं. "जर्सी कुठून आणली?" विचारा. एका पोरानं पहिल्या हजेरीच्या पैशातून घेतली होती, आणि तिथून तो बापाबद्दल बोलत गेला, अर्धा तास.

परवानगी कॅमेऱ्यासमोर बोलून घ्या. अठराच्या आतल्यांची आई-वडिलांकडून. "घरी अभ्यासाला जातो म्हणून सांगितलंय दादा," असं कुणी कानात सांगितलं, तर त्याचा शॉट काढून टाका. कितीही चांगला असला तरी.

सामना संपला की आवरू नका. खाली ताशा वाजत असतो, सगळे उतरून जातात. त्या रात्री गच्चीवर फ्रान्सची जर्सी घातलेला एकटाच उरला होता, एक्स्टेंशन बोर्डची वायर कोपराला गुंडाळत. मी तेव्हा बॅग भरत होतो. एक भरलेली बॅटरी त्याच्यासाठी राखून ठेवा.