पोस्टरवर सगळ्यात वर आपलं नाव: बेळगाव साईडच्या रॅपरनं पहिली टूर कशी काढावी

खानापूर, निपाणी, गडहिंग्लज साईडची पोरं सारखी मेसेज करतात की दादा आमची पण गाणी चालायला लागलीत, आता स्वतःची टूर काढायची, कसं करायचं. तर दुसऱ्याच्या शोला ओपनिंग करणं वेगळं, तिथं वीस मिनिटं ओरडायचं, घाम पुसायचा, खाली उतरायचं, विषय संपला. स्वतःच्या शोला मात्र साउंडवाल्याचा अ‍ॅडव्हान्स, हॉलची किल्ली कोणाकडं आहे, डीजेला आणायला कोण जाणार, परवानगीचा कागद कुठल्या पिशवीत ठेवलाय, हे सगळं तुमच्या डोक्यावर आणि एवढं करून रात्री तासभर मूडमध्ये पण राहायचं.

गावं निवडताना मित्रांना विचारू नका, स्पॉटिफायच्या आर्टिस्ट अ‍ॅपमध्ये कुठल्या शहरात किती जण ऐकतात ते दिसतं, इन्स्टावर पण दिसतं, ते बघा. माझ्या यादीत पुणं बेळगावच्या वर होतं आणि त्यात नवल काही नाही, आपली निम्मी गल्ली नोकरीला तिकडंच आहे की. बेळगाव, निपाणी, कोल्हापूर, पुणे हे सगळं एकाच हायवेवर, एनएच ४८ वर. पहिल्या टूरला एवढा एकच रस्ता पुरे. बेळगावपासनं कोल्हापूर ११० किलोमीटरच्या आसपास, निपाणी तर त्याच्याही अलीकडं, म्हणजे शो करून रात्री घरी येता येतं आणि लॉजचा खर्च वाचतो. फक्त कागलच्या पुढं साताऱ्यापर्यंत सहापदरीचं काम चालू असलं तर डायव्हर्जन लागतात, तास-दीड तास जादा धरा. गोव्याचा मोह सगळ्यांना होतो पण पावसाळ्यात चोर्ला घाटातनं साउंडचं सामान घेऊन जायचं म्हणजे उगाच नको ते.

तारखा हा आपल्या भागातला खरा अभ्यास आहे. १ नोव्हेंबरच्या आजूबाजूला बेळगावात काही ठेवूच नका, एका बाजूला कर्नाटकचा राज्योत्सव, दुसऱ्या बाजूला सीमाप्रश्नावरनं मराठी लोकांचा काळा दिवस, पोलिसांना तुमच्या रॅपसाठी वेळ नसतो. डिसेंबरमध्ये बेळगावच्या सुवर्ण विधानसौधात कर्नाटक विधिमंडळाचं अधिवेशन असतं, तेव्हा लॉज फुल्ल आणि बंदोबस्त सगळा तिकडं. लग्नाच्या तिथींना मंगल कार्यालयं मिळत नाहीत. मार्चमध्ये एसएसएलसी आणि पीयूसीच्या, म्हणजे दहावी-बारावीच्या परीक्षा, तुमचं अर्धं पब्लिक घरात कोंडलेलं. राहतो जानेवारी-फेब्रुवारी, तेव्हा ऊस चालू असतो, रात्री परत येताना रिफ्लेक्टर नसलेल्या ट्रॉल्या अचानक समोर येतात. ड्रायव्हर झोप काढून आलेला पाहिजे, यावर अजिबात काटकसर नको.

हॉल लहानच घ्या. दोनशे जण छोट्या हॉलमध्ये दाटीनं उभे राहिले तर शो पेटतो, तेच दोनशे मोठ्या नाट्यगृहात हाताची घडी घालून बसले तर काय खरं नाही. नाट्यगृहात खुर्च्या बोल्टनं ठोकलेल्या असतात, रॅपला लोक उभे पाहिजेत, तेव्हा आधी जाऊन स्टेजसमोर मोकळी जागा किती आहे ते डोळ्यांनी बघा. उघड्यावर करणार असाल तर रात्री १० नंतर लाउडस्पीकर बंद, ध्वनिप्रदूषणाचा २००० सालचा नियम आहे तो. आता आपल्याकडं सहाची वेळ टाकली की पब्लिक साडेसातला येतं, मग ओपनिंगवाली तीन पोरं प्रत्येकी अर्धा तास घेतात आणि दहापर्यंत तुमच्या वाट्याला उरतो जेमतेम तास. म्हणून ओपनिंगला दोघंच, प्रत्येकी पंधरा मिनिटं, आणि वेळ झाली की डीजेनं ट्रॅक बंद करायचा, मग तो सख्खा मित्र असला तरी.

साउंडचं जरा सविस्तर सांगतो कारण इथंच सगळी वाट लागते. आपल्याकडचे साउंडवाले गणपती आणि वरातीच्या हिशोबानं टॉप-बेस लावतात, छाती हादरते पण शब्द कळत नाहीत, आणि रॅपमध्ये शब्द नाही कळले तर राहिलं काय? स्टेजवर स्वतःचा आवाज ऐकायला मॉनिटर लागतो, तो वेगळा सांगायचा, ते आपणहून आणत नाहीत. ट्रॅक वॅव्ह (WAV) फाइलमध्ये न्या, व्हॉट्सअ‍ॅपवरनं आलेली एमपीथ्री मोठ्या स्पीकरवर पातळ वाजते. लीड आवाज काढलेला, हुक (परत परत येणारी ओळ) आणि अ‍ॅडलिब (मागनं टाकलेले छोटे आवाज) ठेवलेला वेगळा परफॉर्मन्स ट्रॅक बनवून घ्या, पूर्ण गाणं लावून त्यावर ओठ हलवणारे लगेच ओळखू येतात. सगळं पेन ड्राइव्हवर पण ठेवा, लॅपटॉपचा भरवसा नाही. आणि माइकची जाळी मुठीत धरू नका रे, व्हिडिओत भारी दिसतं पण तसं धरलं की माइक समोरचा सोडून चारी बाजूचा आवाज ओढायला लागतो आणि शिट्टी वाजते, मग शिव्या साउंडवाल्याला.

तासाभराच्या सेटला पंधराएक गाणी लागतात, नवीन पोरांकडं असतात सहा-सात. उरलेला वेळ डीजेचं एकट्याचं वाजवणं, मित्रासोबतचं गाणं, पब्लिककडनं शब्द घेऊन फ्रीस्टाइल, असा भरा, पण दोन फास्ट गाण्यांच्या मधी एक हळू टाकाच, नाहीतर दम तुटतो. मी बेळगावच्या वॅक्सिन डेपोच्या मैदानात पळत पळत पूर्ण व्हर्स (गाण्याचं कडवं) म्हणायचो, वॉकिंगला आलेले काका लोक वळून बघायचे, बघू देत. स्टुडिओत तुकड्या-तुकड्यात रेकॉर्ड केलेली ओळ एका श्वासात बसत नाही हे तिथंच कळतं.

बीटचं, म्हणजे रॅपखालच्या संगीताचं, लायसन्स वाचलंय का? नेटवरनं लीजवर (भाड्यानं) घेतलेल्या टाइप बीटला, म्हणजे कुणा मोठ्या रॅपरच्या ढंगात बनवून विकायला ठेवलेल्या बीटला, बऱ्याचदा स्ट्रीमची आणि पैसे घेऊन केलेल्या शोची मर्यादा असते. टूरच्या आधी मेल करून लेखी परवानगी घ्या किंवा मुख्य गाण्यांचे बीट एक्स्क्लुसिव्ह, म्हणजे फक्त तुमच्यासाठीच, घ्या.

भाषेवरनं पण पोरं विचारतात. बेळगावच्या शोत पुढच्या रांगेत मराठी, कन्नड, उर्दू बोलणारी सगळी असतात, मी मराठीतच गातो आणि मधी "ह्यांगदीरी?" (कसे आहात?) विचारलं की कन्नड पोरं सगळ्यात जास्त ओरडतात. सीमाप्रश्नावर गाणं टाकलं की टाळ्या हमखास मिळतात हे खरं, पण तुमच्या मनात खरोखर काही असेल तरच टाका, टाळ्यांसाठी नको. बॅनरवर कन्नड मोठ्या अक्षरात ठेवा, नाहीतर लावल्या दिवशीच उतरवायची वेळ येते. आणि शाहिरी म्हणजेच आपला रॅप हे वाक्य स्टेजवरनं बोलू नका, पब्लिक कंटाळलंय त्याला.

पैशाचं सरळ आहे: आयोजक असेल तर निम्मी रक्कम आधी, व्हॉट्सअ‍ॅपवर का होईना पण लेखी. तिकिटं यूपीआयवर विका. फुकट पास मागणारे गल्लीतले, कॉलेजचे, मावसभावाचे मित्र असे शंभर निघतात, आधीच ठराविक पास छापा आणि संपले की संपले. शो झाला की पहिले साउंड, मग डीजे, मग ड्रायव्हर, शेवटी तुम्ही, आणि हा हिशोब त्याच रात्री धाब्यावर बसून मिटवायचा, सकाळी सगळ्यांचे आकडे वेगळे असतात. टी-शर्ट विकायचे असतील तर मीडियम आणि लार्ज जास्त छापा, पुण्याच्या शोसाठी वेगळे काढून ठेवा, तिकडं पगारवाले असतात.