टाको सॅलड, मांसाशिवाय
मांस न घालता, खिम्याऐवजी राजमा वापरून केलेलं टाको सॅलड (मेक्सिकन धर्तीचं सॅलड) फसतं ते बहुतेक वेळा ओल्या राजम्यामुळे. शिजवलेला राजमा चाळणीत पूर्ण निथळू द्या. पसरट कढईत थोड्या तेलावर लसूण परता, मग राजमा घालून ८-१० मिनिटं झाकण न ठेवता परतत राहा; साली तडकून कडा जरा कुरकुरीत व्हायला हव्यात. जिरेपूड आणि लाल तिखट शेवटी, नाहीतर करपतं. आता साधारण एक तृतीयांश दाणे चमच्याने ठेचा, खिम्यासारखा भरडपणा येतो. मिश्रण कोमट झाल्याशिवाय लेट्यूसवर घालू नका, पानं लगेच मरगळतात. टोमॅटोच्या बिया काढाच. मका, कांदा, अव्होकाडो, लिंबू अंदाजाने. चीज? मला नसलं तरी चालतं. टॉर्टिया चिप्स (मक्याच्या कुरकुरीत चकत्या) मात्र खायला बसल्यावरच चुरायच्या.