ॲपल क्रिस्प: वरून कुरकुरीत, आत रसाळ होण्यासाठी नेमकं काय करायचं

ॲपल क्रिस्प म्हणजे सफरचंदाच्या फोडींवर ओट्स, मैदा, बटर आणि साखरेचा चुरा पसरून ओव्हनमध्ये भाजलेला गोड पदार्थ. तो फसला की दोष वरच्या थराला दिला जातो: ओट्स कमी पडले, बटर जास्त झालं, ओव्हन नीट तापला नव्हता. पण दुखणं बहुतेक वेळा खाली असतं. सफरचंदाच्या वजनात ८५ टक्क्यांच्या आसपास पाणीच असतं आणि भाजताना ते सुटणारच. ते आळून फोडींना धरून राहिलं तर वरचा चुरा कुरकुरीत होतो. पातळच राहिलं तर वाफ आणि रस मिळून त्या चुऱ्याचा लगदा करतात. पुढच्या बहुतेक सूचना या पाण्यासाठीच आहेत.

क्रम्बल या अशाच ब्रिटिश पदार्थाच्या वरच्या चुऱ्यात मुळात मैदा, बटर आणि साखर एवढंच असतं. त्यात ओट्स आले की अमेरिकेत त्याला क्रिस्प म्हणतात. पद्धत जवळपास तीच.

साहित्य

२० × २० सेंटिमीटरचं, निदान ५ सेंटिमीटर खोल भांडं धरलं आहे. सहा जणांना पुरतं.

फळांसाठी: १ किलो सफरचंदं (मध्यम आकाराची ५-६; सोलून, बिया काढून ८५० ग्रॅमच्या आसपास उरतात), साखर ५० ग्रॅम, लिंबाचा रस १ मोठा चमचा, कॉर्नफ्लोअर १ सपाट मोठा चमचा (८ ग्रॅम), दालचिनी पूड १ छोटा चमचा, किसलेलं जायफळ दोन चिमटी, मीठ चिमूटभर.

वरच्या थरासाठी: मैदा ९० ग्रॅम, रोल्ड ओट्स ८० ग्रॅम, ब्राऊन शुगर १०० ग्रॅम, बिनमिठाचं गार बटर १०० ग्रॅम, मीठ अर्धा छोटा चमचा, हवे असतील तर जाडसर तुकडे केलेले अक्रोड ५० ग्रॅम.

मोठा चमचा १५ मिलिलिटरचा, छोटा ५ चा. मैदा मात्र काट्यावर मोजा. कपात दाबून भरला की सहज २५-३० ग्रॅम जास्त येतो आणि चुरा कोरडा, पिठूळ लागतो.

सफरचंदं कोणती

शरद ऋतूत हे करण्यामागे हौस आहेच, पण कारणही आहे. नुकत्याच उतरवलेल्या फळात आंबटपणा जास्त असतो आणि गर करकरीत असतो. शीतगृहात महिनोन् महिने राहिलेल्या फळाचा आंबटपणा उतरतो, गर भसभशीत होऊ लागतो आणि ओव्हनमध्ये फोडींचा आकारच राहत नाही.

ग्रॅनी स्मिथ आंबट आणि कणखर, शिजूनही फोड मोडत नाही. पण नुसत्या ग्रॅनी स्मिथचा क्रिस्प जरा एकसुरी लागतो. निम्म्या ग्रॅनी स्मिथ आणि निम्म्या हनीक्रिस्प, पिंक लेडी किंवा ब्रेबर्न हे मिश्रण सर्वांत भरवशाचं. गोल्डन डिलिशस चालतं, थोडं मऊ होतं. मॅकिन्टॉश फार लवकर विरघळतं. सफरचंदाचा सॉस करायचा असेल तर उत्तम, इथे नको. रेड डिलिशस दिसायला देखणं, पण भाजल्यावर ना चव राहते ना आकार.

नाव माहीत नसेल तर एक फोड चावून बघा. दाताखाली कट्कन तुटली आणि तोंड थोडं आंबलं तर घ्या. रवाळ, कोरडी लागली तर ती तशीच खाऊन टाका.

आधी वरचा थर

बरेच जण आधी सफरचंदं चिरतात आणि मग चुरा करायला बसतात. क्रम उलटा हवा. साखर लागली की फोडींना लगेच पाणी सुटायला लागतं, आणि तुम्ही बटर चोळेपर्यंत तळाशी तळं साचलेलं असतं.

मैदा, ओट्स, ब्राऊन शुगर आणि मीठ हाताने एकत्र करा, साखरेच्या गाठी फोडा. बटरचे १ सेंटिमीटरचे तुकडे त्यात टाका आणि फक्त बोटांच्या टोकांनी चोळा. तळहात लावू नका, त्याच्या उबेने बटर वितळतं. दोन-तीन मिनिटांत कोरडा मैदा दिसेनासा होतो. मग मूठभर मिश्रण घट्ट दाबून बघा: मुटका वळला पाहिजे आणि अंगठ्याने ढकलला की त्याचे वाटाण्यापासून बदामाएवढे तुकडे व्हायला हवेत. मूठ उघडताच भुरभुरून पडलं तर अजून चोळा. अंगठा आत रुतला आणि बोटं तेलकट झाली तर बटर जास्त गरम झालंय; तिथेच थांबून १५ मिनिटं फ्रीजमध्ये ठेवा. अक्रोड शेवटी मिसळा. सगळं जमलं तरी हा चुरा फोडी चिरून होईपर्यंत फ्रीजमध्येच राहू द्या.

गार बटरचा आग्रह उगाच नाही. त्याचे गोळे ओव्हनमध्ये हळूहळू वितळतात, तोवर भोवतीचं पीठ भाजून घट्ट होऊ लागतं, म्हणून चुऱ्याचे सुटे खडे टिकतात. मऊ पडलेलं बटर आधीच पसरतं आणि वर एक सलग, जड पापुद्रा बसतो. वाफेला वाट न मिळाल्याने तो खालून कच्चा राहतो. बटरऐवजी डब्यातलं पसरवायचं लो-फॅट स्प्रेड घेऊ नका, त्यात पाण्याचं प्रमाण फार असतं.

ओट्स रोल्डच हवेत. इन्स्टंट ओट्स पटकन ओलावा पिऊन चिकट होतात. स्टील-कट ओट्स एवढ्या वेळात शिजत नाहीत आणि दाताखाली खड्यासारखे येतात. मैदा टाळायचा असेल तर तेवढ्याच वजनाचं मिक्सरमधून काढलेलं ओट्सचं पीठ चालतं. चुरा जरा नाजूक होतो, इतकंच.

फोडी

ओव्हन १८० अंश सेल्सिअसवर तापत ठेवा. पंखा चालू असेल तर १६०-१६५ पुरे.

साल काढा. भाजल्यावर ती गरापासून सुटते आणि प्रत्येक घासात चिवट पट्ट्या येतात. फोडी ६ ते ८ मिलिमीटर जाडीच्या करा. नेमक्या जाडीपेक्षा सगळ्या सारख्या असणं महत्त्वाचं, कारण ३ मिलिमीटरची फोड विरघळते तेव्हा शेजारची सेंटिमीटरभर जाड फोड अजून कचकचत असते.

लिंबाचा रस आधी चोळा. फोडी काळ्या पडत नाहीत आणि आंबटपणामुळे त्यांचा आकारही जास्त वेळ टिकतो. साखर, कॉर्नफ्लोअर, मसाले आणि मीठ वेगळ्या वाटीत कोरडंच मिसळून मग फोडींवर घाला, म्हणजे कॉर्नफ्लोअरच्या गुठळ्या होत नाहीत. लगेच भांड्यात भरा आणि हाताने दाबून सपाट करा. सफरचंदाच्या गरात बरीच हवा असते, त्यामुळे शिजताना थर चांगलाच खाली बसतो. फोडी सैल ठेवल्या तर वरचा चुरा पोकळीवर तरंगतो आणि वाढताना कोसळतो.

फळं फारच रसाळ असतील तर एक जादा पायरी करा. फोडींना फक्त लिंबू आणि साखर लावून अर्धा तास ठेवा, सुटलेला रस गाळून छोट्या पातेल्यात निम्मा होईपर्यंत आटवा, आणि कॉर्नफ्लोअर व मसाले लावलेल्या फोडींवर तो परत ओता. एरवी याची गरज नाही.

चुरा वरून सैल हाताने पसरा. दाबायचा अजिबात नाही. कडेला दोन-तीन ठिकाणी फोडी उघड्या राहिल्या तर उत्तम, वाफ तिथून निघते.

ओव्हनमध्ये

भांडं मधल्या जाळीवर ठेवा आणि खालच्या जाळीवर एक ट्रे सरकवून ठेवा. रस उतू जातो आणि ओव्हनच्या तळाशी जळलेली साखर खरवडणं हे काम कुणालाच नको असतं. लहान ओटीजीमध्ये वरची कॉइल फार जवळ असते, तिथे एक जाळी खाली उतरवा.

वेळ ४५ ते ५० मिनिटं, पण घड्याळापेक्षा कडेकडे बघा. अर्ध्या तासाला कडेने पांढुरके, पाण्यासारखे बुडबुडे पटापट फुटताना दिसतील. वरचा थर तोवर छान सोनेरी झालेला असतो आणि इथेच लोक फसून भांडं बाहेर काढतात. कॉर्नफ्लोअरचा दाटपणा पूर्ण यायला रस ९५ अंशांच्या आसपास पोचावा लागतो, आणि कडा उकळल्या तरी मध्यभाग बराच मागे असतो. तो पोचला की बुडबुड्यांची चाल बदलते: मोठे, चकचकीत बुडबुडे सावकाश वर येतात, क्षणभर थांबतात आणि मग फुटतात. ते मध्यभागीही एखाद्या फटीतून दिसायला हवेत. सुरी मधोमध खुपसा. ती जवळपास अडथळ्याशिवाय खाली जावी, अगदी तळाशी किंचित विरोध जाणवला तर चालेल. त्याआधीच वरचा रंग गडद होऊ लागला तर फॉइल वर सैल ठेवा, कडा दाबून बंद करू नका.

बाहेर काढल्यावर २० ते ३० मिनिटं उघडंच ठेवा. रस थंड होताना आणखी घट्ट होतो आणि चुरा हवेत कडक होतो. गरमागरम वाढलं तर जीभ पोळते आणि रसही पातळ लागतो. माशा येतात म्हणून झाकण ठेवण्याचा मोह टाळा. कोंडलेली वाफ पाच मिनिटांत सगळ्या मेहनतीवर पाणी फिरवते.

कुठे बिघडलं ते ओळखण्यासाठी

वर सोनेरी पण फोडी कच्च्या: फोडी जाड होत्या, किंवा भांडं वरच्या कॉइलजवळ होतं. फॉइल टाकून आणखी १५ मिनिटं द्या.

चुरा खालून पिठूळ, वरून ठीक: थर फार जाड झाला किंवा दाबला गेला. दोन सेंटिमीटरपेक्षा जाड थर नको. उरलेला चुरा पिशवीत भरून फ्रीझरमध्ये टाका, दोन-तीन महिने टिकतो आणि न वितळवता तसाच वापरता येतो.

रस सुपासारखा: बहुतेकदा लवकर काढलं गेलं. पुढच्या वेळी कॉर्नफ्लोअर दुप्पट करू नका, रस पेस्टसारखा आणि कच्च्या पिठाच्या चवीचा होतो. दहा मिनिटं जास्त भाजा.

फोडींचा सॉस झाला: जात चुकली. याला उपाय नाही, चव मात्र चांगलीच असते.

नुसतंच गोड लागतं: मीठ विसरलं, किंवा गोड जातीची फळं घेऊन साखर तेवढीच ठेवली. गोड फळांना ३० ग्रॅम साखर पुरते.

आदल्या दिवशी करायचं तर

चुरा तयार करून फ्रीजमध्ये ठेवता येतो, फोडी मात्र भाजायच्या वेळीच चिरा. काचेचं भांडं फ्रीजमधून काढून थेट तापलेल्या ओव्हनमध्ये घालू नका, तडकतं. कोटिंग नसलेलं अॅल्युमिनियमचं भांडं आंबट फळांसाठी टाळा. फळांना धातूची चव येते.

भाजलेला क्रिस्प फ्रीजमध्ये ३-४ दिवस राहतो, फक्त पूर्ण गार झाल्यावर झाका. पुन्हा गरम करताना ओव्हन १७० अंशांवर, न झाकता, १५ ते २० मिनिटं. मायक्रोवेव्हमध्ये फळं गरम होतात, पण चुरा मऊ पडतो तो पडतोच. व्हॅनिला आइस्क्रीम हवं असेल तर ते ताटलीत क्रिस्पच्या शेजारी वाढा. भांड्यातच वर घातलं तर उरलेला निम्मा भाग वितळलेल्या दुधात भिजून जातो.