तुरीच्या दाण्यानं शोधा डोळ्यातली आंधळी जागा

पऱ्हाटी उपटताना बाबांच्या डाव्या डोळ्यात काडी घुसली आणि तो डोळा गेला. पुढं बंडी हाकताना उजवीकडून कोणी एकदम समोर आलं की ते दचकायचे. उजवा डोळा तर चांगला होता! त्यामागचं एक कारण मला डी.एड. करताना समजलं. तेव्हापासून माझ्या वर्गातलं प्रत्येक पोरगं हा प्रयोग करतं.

कोऱ्या कागदावर डावीकडे पेनानं फुली काढा. तिच्या सरळ उजवीकडे, ८ सेंटिमीटरवर, तुरीचा दाणा डिंकानं चिकटवा. डावा डोळा तळहातानं झाका, दाबू मात्र नका. उजवी नजर फुलीवरच ठेवून कागद हातभर अंतरावरून हळूहळू जवळ आणा. साधारण ३० सेंटिमीटरवर दाणा नाहीसा होतो. नजर दाण्याकडे घसरली की तो लगेच दिसतो. पोरं हमखास इथंच चुकतात, दोन-तीनदा करू द्या. चौथीतली एक पोरगी ओरडली, "सर, दाना कुठी गेला?" आणि कागदाखाली चाचपायला लागली.

दृष्टिपटलावर, म्हणजे डोळ्यातल्या मागच्या पडद्यावर, जिथून नस मेंदूकडे निघते, तिथं प्रकाश टिपणाऱ्या पेशीच नसतात. एद्म मारियोत या फ्रेंच शास्त्रज्ञानं हा अंधबिंदू सतराव्या शतकातच दाखवून दिला होता. मला मात्र पुढचं जास्त महत्त्वाचं वाटतं. आता दाणा वहीच्या रेघेवर चिकटवा. तो गेल्यावर तिथं भोक पडत नाही, रेघ सलग दिसते! लाल लुगड्याच्या तुकड्यावर करा, तिथं लालच दिसेल. आजूबाजूला जे आहे तेच मेंदू त्या जागी भरतो आणि आपल्याला पत्ताही लागू देत नाही.

दोन्ही डोळे उघडे असले की एकाची आंधळी जागा दुसरा सांभाळतो. बाबांना दुसरा नव्हता. २० मीटरवर ती जागा दीड मीटरहून जास्त रुंद होते. नजर समोर खिळली तर उभा माणूस तिच्यात मावतो, आणि मेंदू तिथं धुरा (शेताचा बांध) नि बाभळी भरून टाकतो. तुमच्या घरी कोणी एकाच डोळ्यानं पाहत असेल तर हा प्रयोग आधी त्यांच्याकडून करून घ्या (डावा डोळा असेल तर दाणा फुलीच्या डावीकडे), आणि रस्ता ओलांडताना नजर सारखी फिरवत राहायला सांगा.

दाणा फेकू नका. पौषी पुनवेला वावरावरून उगवणारा चंद्र परातीएवढा वाटतो. एक डोळा मिटून, हात पूर्ण लांबवून दाणा चिमटीत त्याच्यासमोर धरा. तेवढ्यानंच तो जवळजवळ झाकला जातो. मध्यरात्री डोक्यावर आलेला चंद्र लहान वाटेल, तेव्हा तोच दाणा पुन्हा धरून पाहा.