भूसंपादनात अवमान याचिका कधी चालते, आणि कधी दरखास्तच करावी

वाढीव मोबदल्याचा निकाल लागून दोन वर्षं झाली, पैशांचा पत्ता नाही. अशा वेळी ‘साहेबांवर कंटेम्प्ट टाका’, म्हणजे न्यायालयाचा आदेश मोडल्याबद्दल अवमान याचिका करा, हा सल्ला गावात फुकट मिळतो. बहुतेक वेळा तो चुकीचा असतो, आणि त्यापायी हातची मुदत जाते.

आधी निकालाचा शेवटचा, ‘आदेश’ असा मथळा असलेला भाग वाचा. दूधगंगा किंवा चित्रीसारख्या जुन्या प्रकल्पांत १८९४ च्या कायद्याच्या कलम १८ खाली रेफरन्स (मोबदला वाढवून मागण्यासाठी न्यायालयाकडे पाठवलेलं प्रकरण) झाला असेल, तर त्यातला निवाडा कलम २६ नुसार हुकूमनामाच (डिक्री) असतो. हुकूमनाम्याच्या पैशांसाठी दिवाणी न्यायालयात दरखास्त, म्हणजे अंमलबजावणीचा अर्ज, करायची. मुदत १२ वर्षं. सोबत हिशेबाचा तक्ता जोडा: वाढीव रकमेवर ताबा घेतल्यापासून पहिलं वर्ष ९ टक्के, पुढे १५ टक्के व्याज. म्हणजे ४ लाखांवर पहिल्या वर्षी ३६ हजार, नंतर दरसाल ६० हजार. दिलासा रकमेवरही (जमीन सक्तीने घेतल्याबद्दल मिळणारी जादा रक्कम) व्याज मिळतं, आणि तक्त्यातून नेमकं तेच सुटतं. एवढं करून पैसे आले नाहीत तर जप्ती वॉरंट मागा. बेलीफ कार्यालयातल्या खुर्च्या आणि गाडी मोजू लागला की फायली हलतात. राष्ट्रीय महामार्गातल्या जमिनीच्या लवाद निवाड्याचंही तसंच, त्याचीही अंमलबजावणीच मागायची.

अवमान याचिका खरी चालते ती उच्च न्यायालयाने रिट याचिकेत ‘अमुक आठवड्यांत रक्कम अदा करा’, ‘ताबा घेऊ नका’, ‘जैसे थे ठेवा’ असं स्पष्ट बजावलं असेल तेव्हा. सरकारी वकिलांनी दिलेली हमी आदेशात नोंदली गेली असेल, तर ती मोडणं हाही अवमानच.

सगळ्यात जास्त लोक अडकतात ते ‘अर्जावर निर्णय घ्या’ या आदेशावर. अधिकाऱ्याने निर्णय घेऊन तुमचा अर्ज फेटाळला, तर आदेश पाळला गेला. निर्णय चुकीचा असला तरी ते नवं कारण ठरतं आणि नवी रिट करावी लागते. जे. एस. परिहार खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्येच हे सांगितलं आहे.

अवमान याचिकेची मुदत एक वर्षाची, न्यायालय अवमान अधिनियम १९७१ चं कलम २०. ती आदेशाच्या तारखेपासून नाही, अवमान झाला त्या दिवसापासून धरतात. ‘आदेशाची प्रत मिळाल्यापासून १२ आठवड्यांत’ असं म्हटलं असेल आणि प्रत २ जूनला दिली असेल, तर ८४ दिवस २५ ऑगस्टला संपतात. वर्ष तिथून मोजा. पैसे अजून मिळालेले नाहीत म्हणून अवमान रोज नव्याने घडतो, या भरवशावर राहू नका.

म्हणून सगळ्यात मोलाचा कागद म्हणजे पोच. नकलेच्या शाखेतून प्रमाणित प्रत घ्या, साध्या पत्रासोबत भूसंपादन अधिकारी आणि संपादन संस्था (जिच्यासाठी जमीन घेतली ती) दोघांच्याही आवक शाखेत द्या. तुमच्या स्थळप्रतीवर शिक्का, आवक क्रमांक आणि तारीख तिन्ही हवं. नुसता गोल शिक्का असेल तर ‘आम्हाला आदेश माहीत नव्हता’ ही पळवाट उघडी राहते. मुदत संपल्यावर १५ दिवसांची नोटीस पाठवा. कायद्यात तिची सक्ती नाही, पण ‘जाणूनबुजून’ हे तिच्यामुळे दाखवता येतं, आणि सगळी याचिका त्याच एका शब्दावर उभी असते. नोटिशीच्या नादात वर्ष मात्र उलटू देऊ नका.

याचिकेत नुसता हुद्दा लिहून भागत नाही. त्या काळात खुर्चीवर असलेल्या अधिकाऱ्याचं नाव लागतं. बदली झाली असेल तर आताच्या अधिकाऱ्यालाही आदेशाची प्रत देऊन मग सामील करा. जैसे थे मोडून शेतात जेसीबी घातला असेल, तर तारीख दिसणारे फोटो, गाडीचा नंबर आणि भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ चं, इलेक्ट्रॉनिक पुराव्यासाठी लागणारं प्रमाणपत्र जोडा. मूळ आदेशात नसलेलं काही, जसं जादा व्याज, या याचिकेत मागू नका. दिवाणी अवमानाला महाधिवक्त्यांची संमती लागत नाही.

१८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्गसाठी उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच कोल्हापुरातच आहे, त्यामुळे मुंबईच्या खेपा वाचल्या. तालुक्याच्या किंवा जिल्ह्याच्या दिवाणी न्यायालयाची मनाई मोडली असेल, तर त्याच न्यायालयात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९ नियम २अ खाली अर्ज द्या.

शिक्षा कमाल सहा महिने साधी कैद किंवा २,००० रुपये दंड, किंवा दोन्ही. प्रत्यक्षात नोटीस निघाल्यावर बहुधा पैसे जमा होतात, बिनशर्त माफीचं प्रतिज्ञापत्र येतं आणि प्रकरण मिटतं. ‘आम्ही अपील केलंय’ हे उत्तर आलं तर स्थगितीचा आदेश दाखवा म्हणायचं. नुसत्या अपिलाने आदेश थांबत नाही. उच्च न्यायालयाने शिक्षा द्यायला नकार दिला, तर कलम १९ खाली तुम्हाला अपील नाही, फक्त सर्वोच्च न्यायालयात विशेष अनुमती याचिका करता येते.